मौन आणि मुस्कटदाबी

न बोलणाऱ्या माणसासाठी मराठीत दोन शब्द आहेत. ज्याला बोलता येते पण जो बोलत नाही तो मौनी, आणि ज्याला बोलताच येत नाही तो मुका. पहिल्याच्या पाया पडण्याची या देशात रीत आहे. दुसऱ्याची फार तर कीव केली जाते. १९२० साली डॉ. आंबेडकरांनी आपल्या पाक्षिकाला 'मूकनायक' हे नाव दिले ते या दोन शब्दांतला फरक नेमका ओळखून. ज्या समाजासाठी ते पत्र निघाले त्याने कोणतेही मौनव्रत घेतलेले नव्हते. त्याची वाचाच पिढ्यान्‌पिढ्या रोखून धरली गेली होती. बाहेरून पाहणाऱ्याला मात्र मौनी आणि मुका दोघेही सारखेच शांत दिसतात. या दिसण्यातल्या सारखेपणाचा लाभ धर्माने पुष्कळ उठवला आहे, आणि राज्यकर्त्यांनी त्याहूनही अधिक.

मौनाच्या पावित्र्याचा विषय निघाला की महाराष्ट्रातल्या एका पिढीला पवनार आठवल्यावाचून राहत नाही. २५ डिसेंबर १९७४ रोजी विनोबांनी एक वर्षाचे मौन सुरू केले, आणि त्या वर्षाच्या मध्यावरच देशावर आणीबाणी लादली गेली. संताने मौन सोडायला हवे होते की नको, हा वाद त्या वेळी फार कडवटपणे झाला आणि पन्नास वर्षांनंतरही तो पुरता विझलेला नाही. त्या वादात एक गोष्ट दोन्ही बाजूंनी गृहीत धरली होती : मौन ही मुळात पवित्र वस्तू आहे, प्रश्न आहे तो फक्त ते केव्हा मोडावे याचा. हे गृहीतच तपासून पाहायचे असेल तर एका दूरच्या पंथाच्या इतिहासाकडे वळावे लागते. मौनालाच ज्याने उपासनेचे स्थान दिले, त्याची गोड फळे चाखली आणि कडू फळे इतरांना चाखायला लावली, असा हा पंथ आहे. क्वेकर हे त्याचे नाव.

सतराव्या शतकाच्या मध्यावर इंग्लंडमध्ये राजा आणि पार्लमेंट यांचे युद्ध झाले, १६४९ मध्ये राजाचा शिरच्छेद झाला, आणि सारी जुनी अधिकारस्थाने हादरली. त्या धामधुमीत एका विणकराचा मुलगा, तरुणपणी चांभारकामाची उमेदवारी केलेला जॉर्ज फॉक्स, गावोगाव हिंडून सांगू लागला की देव दगडी चर्चमध्ये राहत नाही आणि पगारी धर्मोपदेशकाच्या तोंडून बोलत नाही. प्रत्येक माणसाच्या अंतरात एक प्रकाश आहे, आणि तो दिसायचा तर बाहेरचा गलबला थांबवला पाहिजे. त्याच्या अनुयायांनी स्वतःला 'मित्र' म्हणवून घेतले. 'क्वेकर', म्हणजे थरथरणारे, हे नाव मात्र १६५० मध्ये एका न्यायाधीशाने त्यांना कुचेष्टेने दिले आणि तेच पुढे रूढ झाले.

या मित्रांच्या उपासनेत वेदी नाही, मूर्ती नाही, स्तोत्र नाही, पुरोहित नाही. साध्या खोलीतल्या साध्या बाकांवर माणसे येऊन बसतात आणि गप्प राहतात. कोणाला आतून बोलण्याची प्रेरणा झाली तर तो उठतो, चार वाक्ये बोलतो आणि खाली बसतो. पुन्हा शांतता. कधी कधी तासभर एकही शब्द उच्चारला जात नाही. शेवटी वडीलधाऱ्यांपैकी दोघे हस्तांदोलन करतात आणि सभा संपते.

ही रचना वाटते तितकी निरुपद्रवी नव्हती. एखाद्याने उठून बोलावे अशी सोय ज्या सभेत आहे तिच्यात धर्मोपदेशकाचे काम उरत नाही, आणि धर्मोपदेशकाचे काम उरले नाही की त्याला द्यावयाच्या दशमांश कराचेही कारण उरत नाही. बोलण्याची प्रेरणा स्त्रीलाही होऊ शकत होती. स्त्रियांनी चर्चमध्ये गप्प बसावे या संत पॉलच्या आज्ञेला मार्गारेट फेल हिने १६६६ मध्ये एक अख्खे पुस्तक लिहून उत्तर दिले. त्याहून गंमतीचा भाग भाषेचा. त्या काळच्या इंग्रजीत मराठीप्रमाणेच 'तू' आणि 'तुम्ही' असा भेद होता. खालच्याला 'तू' म्हणायचे आणि वरच्याला 'तुम्ही'. क्वेकरांनी न्यायाधीशालाही 'तू' म्हणायला सुरुवात केली आणि त्याच्यापुढे टोपी काढायचे नाकारले. ज्या समाजात अहो-जाहोने माणसाची पायरी ठरते त्या समाजातल्या वाचकाला हा अपराध किती मोठा होता हे वेगळे समजावून सांगायला नको.

तेव्हा या मौनाचा पहिला गुण असा की त्याने बोलण्याची मक्तेदारी मोडली. सत्तेने ते बरोबर ओळखले. क्वेकरांच्या सभा बेकायदा ठरल्या. शेकडो माणसे तुरुंगात मेली. १६५६ मध्ये जेम्स नेलर या त्यांच्या पुढाऱ्याची जीभ तापलेल्या सळईने भोसकण्याची शिक्षा प्रत्यक्ष पार्लमेंटने फर्मावली. १६५९ मध्ये बॉस्टनला दोन क्वेकरांना फाशी दिले तेव्हा त्यांचे शेवटचे शब्द जमावाला ऐकू जाऊ नयेत म्हणून नगारे बडवले गेले. आणि १६८२ मध्ये ब्रिस्टल शहरात सारी मोठी माणसे कैदेत गेल्यावर त्यांच्या मुलांनी जमून त्या मौनसभा चालू ठेवल्या, त्यापायी मारही खाल्ला. त्या पोरांचे गप्प बसणे हे शिस्तीचे गप्प बसणे नव्हते. कायद्याच्या डोळ्यांदेखत केलेली ती अवज्ञा होती.

छळ संपला आणि दिवस पालटले. विल्यम पेन या क्वेकराला राजाकडून अमेरिकेत एक आख्खा प्रांत मिळाला. पेनसिल्व्हेनियात मित्र हेच राज्यकर्ते झाले, फिलाडेल्फियाच्या बंदरात त्यांची जहाजे लागू लागली. इकडे इंग्लंडमध्ये सचोटीच्या व्यापारातून बार्कले, लॉइड, कॅडबरी ही घराणी वर आली. मौन पूर्वीचेच होते, बाकही तेच होते. फक्त बाकांवर बसणाऱ्यांच्या तिजोऱ्या भरल्या होत्या. भरल्या तिजोरीच्या मौनाला वेगळीच गोडी येते.

पेनसिल्व्हेनियातले अनेक सधन क्वेकर गुलाम बाळगीत. खुद्द पेनने बाळगले. १६८८ मध्ये जर्मनटाउन या वस्तीतल्या चौघा जणांनी लेखी निषेध केला : जे आपल्याबाबतीत व्हावे असे वाटत नाही ते दुसऱ्याच्या बाबतीत कसे करता? स्थानिक सभेने हा विषय आपल्या आवाक्याबाहेरचा म्हणून वरच्या सभेकडे पाठवला, तिने त्याहून वरच्या सभेकडे, आणि तिने तो बाजूला ठेवून दिला. कोणी आरडाओरडा केला नाही, कोणाला शिक्षा केली नाही. कागद गडप झाला तो १८४४ मध्ये सापडला. सरकारी कचेऱ्यांतल्या फायलींचा ज्यांना अनुभव आहे त्यांना ही कार्यपद्धती ओळखीची वाटेल.

पुढे पन्नास वर्षांनी बेंजामिन ले नावाचा एक ठेंगू, कुबड असलेला माणूस त्यांना भेटला. बार्बेडोस बेटावर त्याने गुलामी डोळ्यांनी पाहिली होती. तो फिलाडेल्फियाजवळ एका गुहेत राहायचा, स्वतः कातलेल्या सुताचे कपडे घालायचा आणि गुलामांच्या श्रमातून येते म्हणून साखर खायचा नाही. कडाक्याच्या थंडीत तो सभागृहाबाहेर एक पाय उघडा ठेवून बर्फात उभा राहिला. आजारी पडशील, असे येणारेजाणारे म्हणू लागले तेव्हा त्याने विचारले, तुमच्या शेतावर हिवाळाभर अर्धेउघडे राबणाऱ्यांची ही काळजी तुम्हाला का वाटत नाही? १७३८ मध्ये बर्लिंग्टनच्या वार्षिक सभेत तो अंगरख्याखाली सैनिकी पोषाख आणि तलवार लपवून आला. बायबलसारखे दिसणारे एक पुस्तक आतून पोखरून त्याने त्यात तांबड्याभडक फळांच्या रसाची पिशवी ठेवली होती. मौन भंग करून तो उठला, गुलाम बाळगणाऱ्यांचे रक्त असेच सांडेल असे बजावून त्याने पुस्तकात तलवार खुपसली. लाल शिंतोडे बाकांवर बसलेल्यांच्या अंगावर उडाले. मित्रांनी त्याला उचलून बाहेर नेले, आणि त्याच वर्षी त्याला पंथातून काढून टाकले.

प्रेरणा झाली की कोणीही बोलावे, हा नियम तेव्हाही लागू होताच. फक्त कोणाची प्रेरणा खरी आणि कोणाचा नुसता उद्दामपणा, हे ठरवणारी वडील मंडळी समोरच्या उंच बाकांवर बसत. मौनाच्या पावित्र्याला ज्याने बाध आणला तो अपराधी ठरला. माणसांच्या खरेदीविक्रीने त्या पावित्र्याला काही बाध येत नव्हता. वीस वर्षांनी, १७५८ मध्ये, गुलामांचा व्यापार करणाऱ्या सभासदांवर कारवाई करण्याचा ठराव अखेर झाला. म्हाताऱ्या लेच्या कानी ती बातमी पोचली आणि पुढच्याच वर्षी तो वारला. १७७६ मध्ये गुलाम बाळगणेच पंथाने निषिद्ध ठरवले, हे त्याच्या श्रेयाच्या बाजूला मांडलेच पाहिजे. त्या काळी दुसरा कोणता धर्मपंथ इतका पुढे गेला होता? लेला ज्या सभेने काढून टाकले तिने २०१८ मध्ये त्याला पुन्हा आपला मानले. दोनशे ऐंशी वर्षे.

गुलामी गेली तरी बाक राहिले. १८३० च्या दशकात सारा डग्लस ही फिलाडेल्फियातली कृष्णवर्णीय शिक्षिका आपल्या आईबरोबर क्वेकर सभेला जाई. त्यांच्यासाठी वेगळे बाक राखलेले असे, आणि एखादी गोरी व्यक्ती चुकून तिथे बसू नये म्हणून 'हे काळ्यांचे बाक' असे सांगायला कोणी तरी असे. तासभर सारे मिळून अंतरीच्या प्रकाशाची वाट पाहत. त्या खोलीत कोणी कोणाला अपशब्द बोलत नव्हते, ती शांत होती. गावजेवणात सर्वांत शेवटची, उकिरड्याकडची पंगत ज्यांच्या वाट्याला आली त्यांना या शांततेचा अर्थ सांगावा लागणार नाही.

पण मौनाची खरी परीक्षा सभागृहात झाली नाही, तुरुंगात झाली. १७८७ मध्ये फिलाडेल्फियात तुरुंगसुधारणेसाठी एक संस्था निघाली. तिचा पहिला अध्यक्ष अँग्लिकन बिशप होता आणि तिच्यात इतर पंथांचेही सज्जन होते. तरी क्वेकरांचा भरणा मोठा होता आणि कल्पनेचा गाभाही त्यांच्याच ओळखीचा होता. त्यांचा हेतू वाईट नव्हता. त्या काळचे तुरुंग म्हणजे घाण, दारू, मारामारी आणि तापाच्या साथी. फटके आणि फाशी यांऐवजी माणसाला शांततेत एकटे ठेवले तर त्याला आपल्या आतला प्रकाश दिसेल, तो पश्चात्ताप पावेल, असे त्यांना मनापासून वाटत होते. अशा तुरुंगाला इंग्रजीत जे नाव मिळाले तेही पश्चात्तापावरूनच.

१८२९ मध्ये फिलाडेल्फियाचा ईस्टर्न स्टेट तुरुंग उघडला. मध्ये चौक आणि त्यातून चाकाच्या आऱ्यांसारख्या फुटणाऱ्या सात इमारती. प्रत्येक कैद्याला स्वतंत्र कोठडी, छताला एक झरोका, मागे उंच भिंतींचे छोटेसे अंगण. दिवसातून तासभर त्या अंगणात जायचे, तेही एकट्यानेच. कोठडीबाहेर न्यायचे झाले तर डोक्यावर बुरखा, म्हणजे त्याने कोणाला पाहू नये आणि कोणी त्याला पाहू नये. काम द्यायचे ते कोठडीतच, वाचायला बायबल, आणि बोलणे पूर्ण बंद. पहिला कैदी अठरा वर्षांचा एक कृष्णवर्णीय शेतकरी होता. एक घड्याळ, एक सोन्याचा शिक्का आणि एक सोन्याची किल्ली चोरल्याबद्दल त्याला दोन वर्षे झाली होती.

सभागृहात जे मौन होते तेच इथे होते. एकांत तोच, आशाही तीच. एकच गोष्ट काढून घेतली होती : उठून बोलण्याचा अधिकार. तेवढ्याने सगळे बदलले. माणसे नळांवर ठोके देऊन एकमेकांशी बोलू लागली, कारण माणसाला बोलल्यावाचून राहवत नाही. १८३३ मध्ये मथायस मॅकमसी नावाच्या कैद्याने असेच शेजाऱ्यांशी बोलण्याचा प्रयत्न केला. शिक्षा म्हणून त्याच्या तोंडात लोखंडी मुसके घातले गेले. जिभेवर लोखंडाची पट्टी, तिच्या साखळ्या मानेमागे ओढून हातांना बांधलेल्या, हात खाली आणले की पट्टी तोंडात रुतणार. त्यात तो मेला. विधिमंडळाने चौकशी केली. तुरुंग चालूच राहिला.

१८४२ मध्ये चार्ल्स डिकन्स हा तुरुंग पाहायला आला. योजकांच्या सद्हेतूविषयी त्याने शंका घेतली नाही. परंतु मेंदूवर रोज थोडा थोडा चालणारा हा अत्याचार शरीराच्या कोणत्याही यातनेपेक्षा भयंकर आहे, असे त्याने परखडपणे लिहिले. पाठीवरचा वळ दिसतो आणि किंकाळी ऐकू येते, म्हणून लोकांना दया येते. ही जखम वर दिसत नाही आणि ती ओरडतही नाही. क्वेकरांतलीच एलिझाबेथ फ्राय लंडनच्या न्यूगेट तुरुंगात वेगळ्या वाटेने गेली होती. तिने कैदी स्त्रियांना एकत्र बसवले, त्यांच्या मुलांसाठी शाळा काढली, त्यांच्याशी वाचनाच्या निमित्ताने बोलायला सुरुवात केली. पण सरकारांना तिच्या शाळेपेक्षा फिलाडेल्फियाचा नकाशा जास्त आवडला. आवाज न करणारा तुरुंग चालवायला सोपा असतो.

तो नकाशा लंडनच्या पेंटनव्हिलला गेला आणि कालांतराने साम्राज्याबरोबर अंदमानात येऊन पोचला. १८९६ ते १९०६ या दहा वर्षांत बांधलेल्या पोर्ट ब्लेअरच्या तुरुंगाला 'सेल्युलर' म्हणतात ते त्यातल्या एकेकट्या कोठड्यांमुळे. तेच सात फाटे, तोच मधला मनोरा. एका इमारतीच्या कोठड्यांचे तोंड दुसऱ्या इमारतीच्या पाठीकडे, म्हणजे माणसाला माणूस दिसायला नको. पश्चात्तापाचे सोंगही इथे उरले नव्हते. त्याची जागा कोलूने घेतली होती. सावरकरांच्या 'माझी जन्मठेप' या पुस्तकामुळे मराठी वाचकांना तो कोलू आणि ती कोठडी परिचित आहेत. त्याच तुरुंगात उल्हासकर दत्तांना वेड लागले आणि इंदुभूषण रॉय यांनी १९१२ मध्ये गळफास लावून घेतला.

हा सारा इतिहास म्हणून सोडून देता आला असता तर बरे झाले असते. १८६० च्या भारतीय दंडसंहितेत ७३ आणि ७४ ही कलमे एकांत कारावासाची होती : एकूण तीन महिन्यांपर्यंत, एका वेळी चौदा दिवसांपर्यंत. १९७८ मध्ये सुनील बत्रा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने फाशीच्या कैद्यालाही तुरुंगाधिकाऱ्यांनी मनमानीने एकांतात डांबता येणार नाही असे बजावले. २०१५ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी नेल्सन मंडेलांच्या नावाने नियम केले आणि सलग पंधरा दिवसांहून अधिक काळचा एकांतवास निषिद्ध मानला. तरीही २०२३ मध्ये, वसाहतवादी कायदा फेकून देत आहोत अशा गर्जनेत जी भारतीय न्याय संहिता संमत झाली, तिच्या ११ व्या आणि १२ व्या कलमांत तो एकांत कारावास जसाच्या तसा नांदतो आहे. नाव बदलले, कलमांचे आकडे बदलले, कोठडी राहिली. संसदेत या कलमांवर कोणाला बोलण्याची प्रेरणा झाल्याचे फारसे दिसले नाही.

आता पवनारकडे परत यायला हरकत नाही. विनोबांचे मौन हे स्वेच्छेचे मौन होते, त्यांच्या साधनेचा भाग होते, आणि आणीबाणी येण्याआधी सहा महिने ते सुरू झाले होते. त्या व्रताविषयी आदर बाळगायला कोणाची हरकत असण्याचे कारण नाही. पण २६ जून १९७५ नंतर देशात दोन प्रकारची शांतता एकाच वेळी नांदू लागली. एक धाम नदीकाठची, आणि दुसरी छापखान्यांतली, सभास्थानांतली, तुरुंगातली. पहिली मौन होती, दुसरी मुस्कटदाबी होती, आणि सरकारला या दोहोंची सरमिसळच हवी होती. मौनाच्या काळातच विनोबांकडून आलेला 'अनुशासनपर्व' हा शब्द भिंतीभिंतींवर झळकला. अनुशासन म्हणजे आचार्यांचे, सत्तेचे ते नुसते शासन, असा आपला अर्थ त्यांनी मागाहून उलगडून दाखवला. जानेवारी १९७६ मध्ये त्यांच्या आश्रमात आचार्यांचे संमेलनही झाले. तोवर शब्द त्यांच्या हातून गेला होता. ज्याला उत्तर देण्याची मुभा कोणालाच नाही असा एक पवित्र शब्द मिळाला की सरकारला दुसरे काय हवे असते? ज्यांनी उत्तर दिले असते ते कोठड्यांत होते. काही वृत्तपत्रांनी अग्रलेखाची जागा कोरी सोडली, आणि पुढे तसे करण्यालाही मनाई झाली. म्हणजे गप्प बसणेदेखील कोणत्या रीतीने करावे हे सरकार ठरवू लागले.

विनोबांचे मौन सुटायला काही दिवस उरले असताना, डिसेंबर १९७५ मध्ये, कऱ्हाडला मराठी साहित्य संमेलन भरले. स्वागताध्यक्ष केंद्रीय मंत्री यशवंतराव चव्हाण, अध्यक्ष दुर्गाबाई भागवत. लेखनस्वातंत्र्याविषयी दुर्गाबाई व्यासपीठावरून स्पष्ट बोलल्या. मग आजारी जयप्रकाशांच्या प्रकृतीला आराम पडावा म्हणून सर्वांनी उभे राहून प्रार्थना करावी, असे आवाहन त्यांनी केले. मंडप उभा राहिला. मंत्र्यांनाही उभे राहावे लागले. पुढच्या वर्षी मुंबईत, एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात वाचत बसलेल्या दुर्गाबाईंना पोलिसांनी अटक केली.